पाटीवरचा एक शब्द : टेक्ससमधल्या एका मंडळीचं प्रकरण

हे प्रकरण मी ज्या मंडळीचा, म्हणजे चर्चच्या स्थानिक समुदायाचा, सभासद आहे तिथलंच आहे. नावं आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. मी तेव्हा नोकरवर्ग समितीचा चिटणीस होतो. बैठकीची मिनिटं (इतिवृत्त) लिहायचो आणि मतही द्यायचो, त्यामुळे तटस्थपणाचा आव आणत नाही.

पार्श्वभूमी

टेक्ससमधल्या एका मोठ्या शहराच्या उपनगरातली, १९५६ साली सुरू झालेली ही मंडळी. रविवारच्या उपासनेला साडेपाचशेच्या आसपास माणूस असतो. मंडळी सदर्न बॅप्टिस्ट कन्व्हेन्शन या बॅप्टिस्ट मंडळ्यांच्या संघाशी संलग्न आहे. मी मूळचा नगरचा, अमेरिकन मराठी मिशनच्या परंपरेत वाढलेला, त्यामुळे बॅप्टिस्टांची रचना समजायला मला वेळ लागला. इथे बिशप नाही. प्रत्येक मंडळी आपली मुखत्यार. कन्व्हेन्शनला मंडळीचा पाळक (पास्टर) नेमता येत नाही की काढता येत नाही. फार तर ‘आपलं जमत नाही’ म्हणून मंडळीला बाहेरचा रस्ता दाखवता येतो. पण मिशनऱ्यांसाठी जाणारा निधी, सेमिनरीतली (धर्मशिक्षणाच्या महाविद्यालयातली) सवलतीची फी, पिढ्यान्‌पिढ्यांची नाती अशा धाग्यांनी माणसं बांधलेली असतात, आणि तो बाहेरचा रस्ता वाटतो तितका सोपा नसतो.

मार्थाबाई (खरं नाव वेगळं) अकरा वर्षं आमच्याकडे मुलं आणि कुटुंबं यांचं काम पाहत होत्या. सेमिनरीची पूर्ण पदवी, वय पन्नाशीच्या आतबाहेर. दोनशे मुलं, साठेक स्वयंसेवक, बाप्तिस्म्याआधीचे वर्ग, इस्पितळातल्या भेटी हे सगळं त्यांच्याकडे. शिवाय बुधवारी संध्याकाळी प्रौढांचा शास्त्रवर्ग, ज्यात नवरा-बायको दोघंही बसत. त्यांच्या दारावर सरकत्या दोन पट्ट्यांची पाटी होती. वरच्या पट्टीवर नाव, खालच्या पट्टीवर ‘चिल्ड्रन्स पास्टर’.

हे पद आईला फोनवर सांगताना माझी पंचाईत व्हायची. मराठीत पाळकीणबाई म्हणजे पाळकाची बायको. जशी मास्तरीण, जशी डॉक्टरीण. ‘त्या स्वतः पाळक आहेत’ असं म्हटलं की आई विचारायची, “मग त्यांचे मिस्टर काय करतात?”

आमच्या कचेरीतली आणखी एक गोष्ट पुढे महत्त्वाची ठरली. प्रत्येक खोलीच्या दाराला काचेची उभी खिडकी आहे आणि मुख्य पाळक कुठल्याही बाईशी एकटे बसत नाहीत, जेवायला जात नाहीत, गाडीतून जात नाहीत. १९४८ साली कॅलिफोर्नियातल्या मोडेस्टो इथे बिली ग्रॅहम हे सुवार्तिक (ख्रिस्ती धर्मप्रचारक) आणि त्यांच्या साथीदारांनी स्वतःसाठी काही नियम ठरवले, त्यातला हा एक. फिरत्या सुवार्तिकांच्या लफड्यांनी त्या काळी नाव खराब केलं होतं, तेव्हा हेतू चांगलाच होता. आमच्याकडे मात्र त्याचा परिणाम असा, की पहिल्या शनिवारी पुरुषांच्या न्याहारीला पॅनकेक आणि बेकनच्या ताटावर अर्धे निर्णय होऊन जात आणि मार्थाबाईंना ते सोमवारी ईमेलनं कळत.

अडचण कशी उभी राहिली

जून २०२३ मध्ये न्यू ऑर्लिन्सला कन्व्हेन्शनचं वार्षिक अधिवेशन झालं. कॅलिफोर्नियाच्या सॅडलबॅक चर्चनं मे २०२१ मध्ये तीन स्त्रियांना पाळकपदाची दीक्षा दिली होती. त्या चर्चला बाहेर ठेवण्याचा निर्णय तिथे ९,४३७ विरुद्ध १,२१२ मतांनी कायम झाला. लुइव्हिलच्या फर्न क्रीक बॅप्टिस्ट चर्चची पाळक बाई होती. त्यांनाही तोच न्याय लागला. त्याच अधिवेशनात घटनादुरुस्तीचा एक प्रस्ताव पहिल्या फेरीत मंजूर झाला: ‘कुठल्याही प्रकारचा’ पाळक किंवा वडील (मंडळीचा कारभार पाहणारे ज्येष्ठ) म्हणून फक्त पुरुषच नेमणाऱ्या मंडळ्या संलग्न राहतील.

कन्व्हेन्शनच्या २००० सालच्या श्रद्धापत्रात पाळकाचं पद पुरुषांपुरतं मर्यादित आहे असं वाक्य होतंच. आमच्यासारख्या मंडळ्या त्याचा अर्थ ‘मुख्य पाळक’ असा लावून निवांत होत्या. ‘कुठल्याही प्रकारचा’ या दोन शब्दांनी ती पळवाट बुजणार होती.

अधिवेशनाला आमच्यातून गेलेले एक गृहस्थ ऑगस्टमध्ये वडिलांच्या बैठकीत पत्र घेऊन आले. पत्रावर दोन कुटुंबांच्या सह्या. प्रश्न दोन होते. मार्थाबाईंच्या दारावर तो शब्द का आहे? आणि बुधवारी त्या पुरुषांना शिकवतात ते बायबलमधल्या तीमथ्याच्या पहिल्या पत्रातल्या दुसऱ्या अध्यायात, जिथे बाईनं पुरुषाला शिकवू नये असं म्हटलंय, त्यात बसतं का? तक्रार करणारे गृहस्थ दुष्ट नव्हते. त्यांच्या नातवाला मार्थाबाईंनीच वचनं पाठ करून घेतली होती, आणि पत्राच्या पहिल्याच ओळीत त्यांचे आभार मानलेले होते.

वडिलांनी प्रकरण आमच्या समितीकडे सोपवलं. आम्ही पाच जण: तीन पुरुष, दोन बायका. सातही वडील पुरुष.

जुन्या वह्यांमध्ये काय सापडलं

मंडळीत आजवर काय चालत आलं ते बघा, एवढं काम मला दिलं होतं. मी दोन शनिवार तळघरातल्या कपाटासमोर काढले. १९६१ सालच्या वहीत एक नोंद मिळाली. परदेशातून सुट्टीवर आलेल्या एक अविवाहित मिशनरी बाई रविवारी सकाळच्या उपासनेत बोलल्या. कोणीतरी सुबक अक्षरात लिहिलं होतं: ‘साक्ष, ४५ मिनिटं.’ त्याच पानावर त्या दिवशी पाळकांचा उपदेश झाला नाही असंही होतं.

नगरकडचा कोणीही सांगेल, की साक्ष म्हणजे पाच-दहा मिनिटं देवानं माझं काय केलं ते सांगणं. पंचेचाळीस मिनिटं शास्त्र उलगडून सांगितलं तर तो उपदेश. पण उपदेश म्हटला की बाई उभी राहू शकत नव्हती, म्हणून साक्ष.

त्या नोंदीनं मला नाद लावला. पुढचे काही आठवडे मी सदर्न बॅप्टिस्टांचा इतिहास याच नजरेनं वाचला. १८८५ साली कन्व्हेन्शननं घटनेत ‘सभासद’च्या जागी ‘बंधू’ हा शब्द घातला, कारण आर्कान्सामधून दोन बायका प्रतिनिधी म्हणून आल्या होत्या. बायकांना प्रतिनिधित्व परत मिळालं ते १९१८ साली. दरम्यान १८८८ मध्ये रिचमंडला अधिवेशन भरलं असताना बायकांनी जवळच्या एका मेथडिस्ट चर्चमध्ये जमून आपली मिशन युनियन स्थापन केली. पैसा त्या गोळा करायच्या आणि त्याचा अहवाल अधिवेशनात वर्षानुवर्षं पुरुष वाचायचे.

आणि लॉटी मून. मिशनरी म्हणून १८७३ साली चीनला गेलेल्या, १९१२ च्या ख्रिसमसच्या आदल्या दिवशी जपानच्या कोबे बंदरात जहाजावर वारलेल्या. त्यांनी तिकडे गावोगाव सुवार्ता सांगितली, आणि ऐकणाऱ्यांत पुरुषही असत. त्यांच्या नावानं दर डिसेंबरला जो निधी जमतो त्याची पाकिटं आमच्या खुर्च्यांच्या पाठीला खोचलेली असतात. २०२३ च्या डिसेंबरात समितीची बैठक मुख्य सभागृहातच होती. मार्थाबाईंनी पुरुषांना शिकवावं का यावर आम्ही दीड तास बोललो, आणि तेवढा वेळ लॉटी मून माझ्या गुडघ्यासमोर होत्या.

हा आमच्या नगरचाही इतिहास आहे. सिंथिया फरार १८२७ साली मुंबईला आल्या. अमेरिकन बोर्ड या मिशन संस्थेनं परदेशी पाठवलेल्या सुरुवातीच्या अविवाहित बायकांपैकी या एक. जोतीराव फुल्यांनी नगरला जी मुलींची शाळा पाहिली ती त्यांची. न्यू इंग्लंडमधल्या कुठल्या गावात त्यांना व्यासपीठ मिळालं नसतं. समुद्र ओलांडल्यावर तेच काम ‘शिक्षण’ झालं. माझी आजी बायबलबाई, म्हणजे गावोगाव बायबल सांगणारी बाई होती, पारनेर भागातल्या वाड्यावस्त्यांवर पायी फिरायची. झाडाखाली बसलेल्या पुरुषांना ती जे सांगायची त्याला काय म्हणायचं, हा प्रश्न पंचकमिटीनं कधी काढला नाही. काढला असता तर उत्तर द्यावं लागलं असतं.

समितीत मी हे मांडलं तेव्हा एका सभासदानं चांगला आक्षेप घेतला: “पूर्वी ढिलाई होती म्हणून ती बरोबर ठरत नाही.” मुद्दा बरोबर होता. पण ‘पूर्वीपासून असंच आहे’ हा युक्तिवादही मग टिकत नव्हता. एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकन प्रॉटेस्टंट घरात बाई स्वभावतःच जास्त धार्मिक, जास्त शुद्ध मानली जायची. बाजारात मळलेल्या पुरुषाला सुधारणारी. चर्च फार बायकी झालं म्हणून १९११-१२ मध्ये पुरुषांना परत आणण्याची मोठी मोहीमच झाली होती. १९८४ साली कॅन्सस सिटीच्या अधिवेशनातल्या ठरावानं मात्र बाईच्या दीक्षेविरुद्ध कारण दिलं ते ती एदेन बागेत आधी पतन पावली हे. शंभर वर्षांत बाई शुद्धतेच्या उंबऱ्यावरून पतनाच्या उंबऱ्यावर आली. निष्कर्ष तेवढा हलला नाही: तिनं घरात असावं.

पर्याय

पहिला पर्याय होता थांबण्याचा. घटनादुरुस्तीला ओळीनं दोन वर्षं दोन तृतीयांश मतं लागतात. जून २०२४ पर्यंत काहीही बंधनकारक नव्हतं. हा पर्याय आमच्यातल्या निवृत्त शिक्षिकेनं मांडला आणि दहा मिनिटांत तो ‘डोळेझाक’ या नावाखाली बाजूला पडला.

दुसरा, पाटी बदलण्याचा. ‘पास्टर’च्या जागी ‘डायरेक्टर’. काम तेच, पगार तोच.

तिसरा, कन्व्हेन्शन सोडण्याचा. याला कोणीच तयार नव्हतं, मीसुद्धा.

चौथा, मूळ प्रश्नच मंडळीपुढे नेण्याचा: सहा आठवडे अभ्यास करायचा, दोन्ही बाजूंची माणसं बोलवायची आणि मग सर्वसाधारण सभेत मत घ्यायचं. स्त्रीपुरुष समान मोलाचे पण भूमिका वेगळ्या, असं मानणाऱ्या परस्परपूरकतावाद्यांचं डॅनव्हर्स निवेदन १९८७ चं. त्याच सुमारास समतावाद्यांनीही आपली संघटना उभी केली. म्हणजे दोन्हीकडचं साहित्य पस्तीस वर्षांचं, तयार. आम्ही यातला फक्त एक संध्याकाळ इतका तुकडा घेतला.

ती संध्याकाळ मात्र चांगली झाली. रोमकरांस पत्राच्या सोळाव्या अध्यायात पौल ज्यांना सलाम सांगतो त्यांत युनिया नावाची व्यक्ती आहे. एकाच इंग्रजी भाषांतराच्या १९८४ च्या प्रतीत ते पुरुषाचं नाव होतं आणि २०११ च्या प्रतीत बाईचं. दोन्ही प्रती आमच्याच खुर्च्यांखाली होत्या. तीमथ्याच्या पत्रातल्या ज्या ग्रीक क्रियापदावर सगळं अडलंय ते नव्या करारात दुसरीकडे कुठेही परत येत नाही. जुन्या किंग जेम्समध्ये त्याचा अर्थ ‘अधिकार बळकावणे’ असा आहे, नंतरच्यांत नुसतं ‘अधिकार असणे’. तक्रार करणारे गृहस्थ वाकून वाचत होते. ते म्हणाले, “हे मला कोणी कधी सांगितलं नव्हतं.” त्यांचं मत बदललं नाही, पण आवाज बदलला. पुढच्या आठवड्यात वडिलांनी दुसरी संध्याकाळ रद्द केली. गट पडतील अशी भीती होती.

मध्येच खजिनदारानं हात वर केला. मार्थाबाईंना घरभाड्याची करसवलत मिळत होती. अमेरिकेच्या आयकर कायद्याचं कलम १०७ ही सवलत ‘सुवार्तेच्या सेवका’ला देतं. त्यासाठी दीक्षा किंवा मंडळीचा रीतसर परवाना लागतो आणि काम त्या स्वरूपाचं असावं लागतं. मंडळीनं २०१४ मध्ये त्यांना परवाना दिला होता. पाटीबरोबर परवानाही गेला असता तर त्यांच्या हातात दरमहा बरीच कमी रक्कम पडली असती. तोडगा असा निघाला: परवाना फाइलीत राहू द्यायचा, पाटी बदलायची. करखात्यासाठी त्या धर्मसेवक, कन्व्हेन्शनसाठी कर्मचारी. कोणी हसलं नाही.

काय केलं

फेब्रुवारी २०२४ मध्ये मतदान झालं. दुसऱ्या पर्यायाला चार मतं. निवृत्त शिक्षिका तटस्थ राहिल्या. मी हात वर केला. माझा हिशेब सरळ होता: काम महत्त्वाचं, नाव काय घेऊन बसायचं. वह्यांमध्ये दोन शनिवार काढूनही मी असा हिशेब केला, हे इथे नोंदवायला हवं. मिनिटांत मी ‘सर्वानुमते’ लिहिलं, कारण विरोधात एकही मत नव्हतं.

मग प्रश्न आला, सांगायचं कोणी. तोवर सहा महिने मार्थाबाईंवर चर्चा चालली होती आणि त्यांना एकदाही समितीपुढे बोलावलेलं नव्हतं. मुख्य पाळकांचं आणि त्यांचं सख्य होतं. दोघं कॉफी घेत बोलले असते तर कदाचित निभावलं असतं. पण एकट्या बाईशी बसायचं नाही. म्हणून पाळकांसोबत दोन वडील गेले, आणि मी कागद घेऊन. मार्थाबाई दार उघडून आत आल्या, आम्हा चौघांना एका बाजूला ओळीनं बसलेलं पाहिलं आणि म्हणाल्या, “माझ्यावर आरोप काय आहे?”

आरोप काहीच नव्हता. तेच समजावण्यात वीस मिनिटं गेली. त्यांनी एकच विचारलं: “बुधवारचा वर्ग?” एका वडिलांनी सांगितलं, वर्ग चालू ठेवा, फक्त पत्रकात ‘चर्चा’ असं छापू. त्यांनी कागदावर सही केली. ईस्टरनंतरच्या सोमवारी देखभाल करणाऱ्या गृहस्थांनी खालची पट्टी सरकवून काढली.

निष्पत्ती

जून २०२४ मध्ये इंडियानापोलिसला घटनादुरुस्ती दुसऱ्या फेरीत पडली. बाजूनं ६१ टक्क्यांवर मतं पडली, पण दोन तृतीयांश भरली नाहीत. २०२५ मध्ये डॅलसला पुन्हा प्रयत्न झाला, तोही तेवढ्यावरच अडला. ज्या नियमाच्या धास्तीनं आम्ही पाटी काढली तो नियम झालाच नाही. बातमी आली त्या रात्री मी मुख्य पाळकांना मेसेज केला. त्यांनी अंगठा पाठवला.

पाटी परत लावावी असं समितीत कोणी म्हटलं नाही. शब्द काढायला पत्र पुरलं होतं. परत आणायला ठराव लागला असता.

बुधवारची ‘चर्चा’ सप्टेंबरपर्यंत चालली. मग मार्थाबाईंनी स्वतःच ती थांबवली. डिसेंबरात त्यांनी राजीनामा दिला आणि एका हॉस्पिसमध्ये चॅपलन (रुग्णांसाठीच्या धर्मसेवक) म्हणून गेल्या. तिथे मरणाच्या दारातले पुरुष त्यांच्याकडून प्रार्थना करून घेतात. त्यात अधिकाराचा प्रश्न येत नाही. त्यांच्या मागोमाग तीन कुटुंबं गेली. पत्रावर सही करणाऱ्या दोनपैकी एक कुटुंबही गेलं, जिथे बाई शास्त्रपाठसुद्धा वाचत नाही अशा मंडळीत. पत्र घेऊन आलेले गृहस्थ मात्र अजून आहेत. साठ स्वयंसेवकांतले चाळीस उरले, आणि तान्ह्यांच्या खोलीसाठी आता पाळ्या लावाव्या लागतात.

जागेवर सव्वीस वर्षांचा मुलगा आला. गुणी आहे, सेमिनरीचं दुसरं वर्ष चालू आहे. त्याच्या पदाचं नाव काय ठेवायचं यावर चर्चा झालीच नाही. ‘चिल्ड्रन्स पास्टर’ लिहिलेली जुनी पट्टी साहित्याच्या कपाटात होती. देखभालवाल्यांनी ती पुसली आणि परत सरकवली. फक्त वरची, नावाची पट्टी नवी करावी लागली.

वेगळं काय करता आलं असतं

सगळ्यात सोपं होतं थांबणं. चार महिन्यांचा प्रश्न होता. पण आमच्यासारखी माणसं नियम यायच्या आधीच वाकून उभी राहतात आणि त्याला शहाणपण म्हणतात. निवृत्त शिक्षिकांच्या सूचनेला मी ‘डोळेझाक’ म्हटलं नव्हतं, पण त्या शब्दानंतर मी पुढचा विषय पुकारला होता.

दुसरं, मार्थाबाईंना ऑगस्टमध्येच पत्र दाखवायला हवं होतं आणि समितीपुढे त्यांचं म्हणणं ऐकायला हवं होतं. काचेच्या खिडकीची सोय आधीच होती. दार लावून दोघं बसले असते तरी बाहेरून दिसलंच असतं, खिडकी त्यासाठीच आहे. हे मला चार जण ओळीत बसल्यानंतर सुचलं.

अभ्यासाच्या संध्याकाळींबद्दल माझं मत पक्कं आहे: दुसरी रद्द केली ती चूक. मत बदललं असतं असं नाही. टेक्ससमधली बॅप्टिस्ट मंडळी सहा आठवड्यांत दुसरीकडे झुकली असती असं मला वाटत नाही, आणि खुल्या सभेत मतदान झालं असतं तर मार्थाबाई हरल्याच असत्या. पण मग त्यांना एका प्रश्नाचं उत्तर मिळालं असतं. आम्ही त्यांना प्रश्नच विचारला गेला नाही असं भासवलं आणि वर उत्तर लागू केलं. परस्परपूरकतावादी असलेल्या एका वडिलांनी मला नंतर हेच वेगळ्या बाजूनं सांगितलं. त्यांच्या मते बुधवारचा वर्ग बंदच करायला हवा होता. ‘चर्चा’ नाव देऊन चालू ठेवणं त्यांना जास्त खोटं वाटलं. त्यांच्याशी माझं क्वचितच पटतं. इथे पटलं.

उरली एक गोष्ट, ती समितीची नाही, माझी आहे. निरोपाच्या रविवारी मार्थाबाईंना बोलायला सांगितलं होतं. त्यांनी रूथच्या पुस्तकातला पहिला अध्याय घेतला आणि रूथची सासू नामी हिच्या एका वाक्यावर पंचवीस मिनिटं बोलल्या. सभागृहात खोकलासुद्धा ऐकू आला नाही. सोमवारी कचेरीतून मेसेज आला: वहीत आणि वेबसाइटवरच्या ध्वनिफितीला काय नाव द्यायचं? मी पार्किंगमध्ये होतो, मागे कोणीतरी हॉर्न देत होतं. मी ‘साक्ष’ असं लिहून पाठवलं.